पेटीवरची बंदी आणि आकाशवाणीवरचा जलसा

कॅनडातील टोरंटो हे प्रामुख्याने इंग्रजी बोलणारे शहर. तिथे फ्रेंच भाषक थोडेच. तरीही ९०.३ एफएमवर ‘इसी म्युझीक’ हे फ्रेंच भाषेतील संगीत केंद्र सार्वजनिक पैशावर चालते. १९९१ च्या प्रसारण कायद्याने तिथल्या सार्वजनिक रेडिओवर इंग्रजी आणि फ्रेंच या दोन्ही भाषांची जबाबदारी टाकलेली आहे. ‘तुम्ही मूठभर, तुमची गाणी कोण ऐकणार?’ हा प्रश्न तिथे गैरलागू ठरतो. आपल्या सार्वजनिक रेडिओने मात्र कोणाचे संगीत देशाचे मानले, हे आंबेडकरी तरुणांनी एकदा तपासून पाहावे.

१ मार्च १९४० पासून ऑल इंडिया रेडिओवर हार्मोनियमला बंदी झाली. तेव्हा रेडिओचे प्रमुख लायोनेल फील्डन हे इंग्रज गृहस्थ होते. पेटी परदेशी आहे, तिच्यात मींड नाही, श्रुती नाहीत, असे कारण दिले गेले. इंग्रज गेले, बंदी राहिली. १९७१ च्या सुमारास ती सैल झाली. आमच्या कोल्हापूरचे गोविंदराव टेंबे पेटीवादनासाठी नावाजलेले. त्यांच्या हयातीत ही बंदी उठली नाही. पण शास्त्रीय गवयाकडे साथीला सारंगी तरी होती. जलसाकाराकडे काय होते? ढोलकी, डफ आणि पेटी. आदेशात जातीचा उल्लेख कुठेच नव्हता, पण त्याचा भार सगळ्यांवर सारखा पडला नाही.

१९५२ ते १९६२ या काळात बा. वि. केसकर माहिती व नभोवाणी मंत्री होते. त्यांनी शास्त्रीय संगीताला मानाचे स्थान दिले, कलावंतांच्या ध्वनिचाचण्या आणि श्रेणी लावल्या आणि चित्रपटगीते मागे सारली. श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. शेवटी ३ ऑक्टोबर १९५७ रोजी विविध भारती सुरू करावी लागली. चित्रपटगीतांच्या पाठीशी बाजार होता, म्हणून सरकारला नमावे लागले. जलशाच्या पाठीशी फक्त वस्त्या होत्या.

त्याच काळात १ एप्रिल १९५५ पासून पुणे केंद्रावरून गीतरामायण सुरू झाले. गदिमांचे शब्द, कोल्हापुरात जन्मलेल्या सुधीर फडक्यांचे संगीत, दर आठवड्याला एक याप्रमाणे ५६ गीते. वर्षभरात ती घराघरांत पोहोचली. त्या गीतांच्या गुणवत्तेवर आमचा आक्षेप नाही. आमचे म्हणणे एवढेच की सार्वजनिक रेडिओ मनावर घेतो तेव्हा काय घडवू शकतो, याचा हा पुरावा आहे. लोकांची ‘आवड’ आभाळातून पडत नाही, ती घडवली जाते. १९४३ पासून गीते रचणारे वामनदादा कर्डक तेव्हा गावोगाव फिरून गात होते. भीमगीत टिकले ते वस्तीतल्या लोकांच्या कंठामुळे.

यावर ‘जलसा हे संगीत नाही, प्रचार आहे’ असा युक्तिवाद होतो. मग रामकथा गाणे हा संस्कार आणि समता गाणे हा प्रचार, हे ठरवले कोणी? राजर्षी शाहूंच्या कोल्हापुरात अल्लादियाखाँना राजाश्रय मिळाला आणि सत्यशोधक चळवळीलाही पाठबळ मिळाले. एकाला मान देण्यासाठी दुसऱ्याला दाराबाहेर ठेवावे लागले नाही. खुद्द बाबासाहेबांनी ३ ऑक्टोबर १९५४ रोजी आकाशवाणीवरून सांगितले की स्वातंत्र्य, समता, बंधुता ही तत्त्वे आपण फ्रेंच राज्यक्रांतीकडून उसनी घेतलेली नाहीत, ती बुद्धाच्या शिकवणीतून घेतली आहेत. जलसाकार हाच विचार ढोलकीवर मांडतात. जो विचार भाषणात चालतो, तो गाण्यात का चालू नये?

कायदा आज आपल्या बाजूने आहे. संविधानाचे कलम २९ वेगळी भाषा, लिपी वा संस्कृती असलेल्या नागरिकांना ती जतन करण्याचा हक्क देते. ९ फेब्रुवारी १९९५ रोजी न्या. पी. बी. सावंत यांच्या निकालपत्रात सर्वोच्च न्यायालयाने ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता असल्याचे म्हटले. प्रसार भारती कायद्याचे कलम १२ तर विविध संस्कृतींना पुरेसे स्थान देणे, सामाजिक न्यायाला चालना देणे आणि अस्पृश्यतेसारख्या अनिष्ट प्रथांशी लढणे ही प्रसारकाची उद्दिष्टे सांगते. म्हणजे जलशाला जागा मागणे ही भीक नाही, त्या कायद्याच्या अंमलबजावणीची मागणी आहे.

तेव्हा फक्त संताप व्यक्त करून थांबू नका. आपल्या भागातील आकाशवाणी केंद्राकडे माहिती अधिकारात अर्ज करा. आंबेडकरी जलसे आणि भीमगीते यांची किती ध्वनिमुद्रणे संग्रहात आहेत? गेल्या पाच वर्षांत त्यांना किती तास मिळाले? त्यातले १४ एप्रिल आणि ६ डिसेंबर वगळून किती? श्रेणीप्राप्त शाहीर किती? उत्तरे लेखी घ्या आणि पुढच्या मागण्या त्या आकड्यांवर उभ्या करा. सोबतच वस्तीतल्या वृद्ध जलसाकारांचे गाणे आजच ध्वनिमुद्रित करून ठेवा. उद्या रेडिओचे दार उघडले आणि गाणारे उरलेच नाहीत, असे होऊ देऊ नका.

जयभीम!