वयाचा वाद आणि कारागृहाचें दार

मनुष्य जन्मास केव्हां आला, हा प्रश्न सामान्यतः पत्रिका मांडतांना किंवा शाळेंत नांव घालतांना निघतो. परंतु कांहीं थोड्यांच्या बाबतींत तोच प्रश्न न्यायासनापुढें उभा राहतो, आणि बंदिवास कीं मुक्तता, क्वचित् मरण कीं जीवित, हें त्याच्या उत्तरावर अवलंबून राहतें.

अपराध करणारें मूल म्हणजे लहान आकाराचा प्रौढ गुन्हेगार नव्हे, हें तत्त्व या देशांत सावकाश रुजलें. १८९७ च्या सुधारशाळांच्या कायद्यानें पंधरा वर्षांखालील मुलग्यांना तुरुंगाऐवजीं शाळेंत पाठविण्याची सोय केली. मुंबई इलाख्यानें १९२४ सालीं मुलांसाठीं स्वतंत्र कायदा केला. १९८६ च्या केंद्रीय कायद्यानें मुलग्यांस सोळा व मुलींस अठरा वर्षांची मर्यादा घातली, आणि २००० च्या कायद्यानें ती दोघांसहि अठरा केली. अशा रीतीनें कायद्यानें रेषा आंखली खरी. पण अमुक एक आरोपी त्या रेषेच्या कोणत्या बाजूस उभा आहे, हें कोणीं व कसें ठरवावें?

अडचणीचें मूळ खेड्यांत आहे. जन्माची नोंद तेथें पुष्कळदां होतच नसे. बाप मुलाचा हात धरून शाळेंत येई, ‘दुष्काळाच्या सालचा’ एवढेंच सांगे, आणि गुरुजी अदमासानें वर्ष धरून १ जून ही तारीख घालून मोकळे होत. महाराष्ट्रांत १ जूनला जन्मलेल्यांची वाण नाहीं, याचें कारण हेंच. लेखणीच्या त्या एका फटकाऱ्यावर पुढें कोणाचें स्वातंत्र्य टांगलेलें राहील, हें त्या बिचाऱ्या गुरुजींच्या स्वप्नींहि नसे.

कागद नसेल तर हाडें बोलतात असा एक समज आहे. १९८२ सालीं जम्मू-काश्मीरमधील एका स्थानबद्ध तरुण विद्यार्थ्याच्या वतीनें सर्वोच्च न्यायालयांत हेबियस कॉर्पसचा अर्ज आला. जयमाला यांचा अर्ज म्हणून तो प्रसिद्ध आहे. वयाबद्दल उभय पक्षांत वाद होता. क्ष-किरणांच्या परीक्षेनें तें अठरा ते एकोणीस ठरविलें. न्यायालयानें म्हटलें कीं, अशा परीक्षेंत दोन्ही बाजूंस दोन वर्षांपर्यंत चूक संभवते. स्थानबद्धतेचा हुकूम रद्द झाला, आणि शास्त्राच्या साक्षीसहि मर्यादा असते हें वकीलवर्गाच्या कायमचें ध्यानांत राहिलें.

पुढें दुसरा वाद निघाला. वय मोजावयाचें तें गुन्ह्याच्या दिवशींचें, कीं आरोपी न्यायालयापुढें आला त्या दिवशींचें? २००० सालीं दुसरा पक्ष मान्य झाला होता. २००५ मध्यें प्रतापसिंग यांच्या खटल्यांत पांच न्यायमूर्तींनीं गुन्ह्याचा दिवसच खरा, असा निर्णय दिला. २००६ च्या दुरुस्तीनें आणखी एक दार उघडलें: खटला अखेर निकालांत निघाल्यानंतरहि अल्पवयाचा दावा करतां येईल. २०१५ च्या कायद्यानें ही तरतूद कायम राखली, आणि पुराव्याचा क्रम लावून दिला: प्रथम शाळेचा अथवा मॅट्रिकचा दाखला, तो नसल्यास नगरपालिकेची नोंद, आणि दोन्ही नसतील तरच हाडांची परीक्षा.

या दाराची खरी कसोटी पुण्याच्या खटल्यांत लागली. १९९४ च्या ऑगस्टांत पुण्यांत एकाच घरांत पांच स्त्रिया व दोन मुलें यांची हत्या झाली. सारें शहर हादरलें. त्या गुन्ह्यांत राजस्थानांतून आलेल्या एका आरोपीस १९९८ सालीं देहान्ताची शिक्षा झाली. खटल्यांत तो प्रौढच धरला गेला होता. उच्च न्यायालयानें ती शिक्षा कायम केली, आणि २००० सालीं सर्वोच्च न्यायालयानेंहि. २०१८ मध्यें त्यानें अल्पवयाचा दावा मांडला, तेव्हां पुण्याच्या जिल्हा न्यायाधीशांकडे चौकशी सोंपविण्यांत आली. बीकानेर जिल्ह्यांतील एका सरकारी शाळेच्या नोंदीवरून जन्म १९८२ च्या फेब्रुवारींतील निघाला. खटल्यांतील नांव आणि शाळेंतील नांव यांत फरक होता, म्हणून ओळखीचाहि वाद झाला. २७ मार्च १९२३ नव्हे, तर २०२३ रोजीं, म्हणजे गुन्ह्यानंतर जवळजवळ एकोणतीस वर्षांनीं, न्यायालयानें निर्णय दिला कीं गुन्ह्याच्या वेळीं आरोपी साडेबारा वर्षांचा होता. त्या वयास कायद्यानें फार तर तीन वर्षें ठेवतां येतें. तो अठ्ठावीस वर्षांहून अधिक काळ बंदींत होता. त्याची तत्काळ सुटका झाली.

या निकालानें मृतांच्या आप्तांचें दुःख हलकें झालें असें कोण म्हणेल? कोवळ्या वयाचा खोटा दाखला पुढें करणारे लबाडहि असतात, म्हणूनच न्यायालयें कागदाची कसून तपासणी करतात. परंतु ही तपासणी पहिल्या दिवशीं झाली, तर निरपराध्यांच्या रक्ताचा न्याय आणि बालकाचा न्याय, दोन्ही वेळेवर होतात. पंचवीस वर्षांनीं झाली, तर दोन्ही उणे पडतात. शाळेचें तें जुनें रजिस्टर एवढीं सारीं वर्षें कपाटांत होतेंच. तें मागविणारा कोणी तेवढा वेळेवर भेटला नाहीं.