नुकसानभरपाई ही मालकाची मेहेरबानी नव्हे!

चेंबर साफ करताना वस्तीतला एखादा भाऊ गेला, की अंत्यविधीच्या आधीच ठेकेदाराचा माणूस पाकीट घेऊन दारात उभा राहतो. सोबत एक कागद असतो, त्यावर सही किंवा अंगठा हवा असतो. अशा घरांमध्ये आम्ही जातो तेव्हा तीच तीन वाक्ये ऐकतो : 'चूक त्याचीच होती', 'तो ठेक्यावर होता', 'आता सही करून दिली'. मित्रांनो, ही तिन्ही वाक्ये मालकाच्या सोयीची आहेत. कायद्याचा इतिहास वेगळेच सांगतो.

'चूक कोणाची' हा प्रश्न जुना आहे. 1837 मध्ये इंग्लंडच्या न्यायालयाने प्रिस्टली विरुद्ध फाउलर खटल्यात जखमी नोकराचा दावा नाकारला. तेव्हापासून सोबतच्या कामगाराच्या चुकीने इजा झाली तर मालक जबाबदार नाही, ही भूमिका तिथे रुजली. आपल्याकडे 1855 च्या प्राणांतिक अपघात कायद्यातही दुसऱ्याची चूक सिद्ध करण्याचे ओझे मृताच्या घरच्यांवरच होते. 1 जुलै 1924 पासून लागू झालेल्या 1923 च्या कामगार नुकसानभरपाई कायद्याने हे बदलले. कामामुळे आणि काम करताना अपघात झाला, एवढे पुरे. मालकाची चूक दाखवायची गरज नाही. कामगाराचा साधा निष्काळजीपणा दावा बुडवत नाही. मृत्यूच्या प्रकरणात तर 'तो दारू प्यायला होता' ही सबबही पुढे चालेनाशी झाली.

ठेक्याचे काय? याच कायद्याच्या कलम 12 ने ठेकेदाराच्या कामगाराची जबाबदारी मूळ मालकावरही टाकली. आणि सही? कलम 17 प्रमाणे हक्क सोडून देणारा करार रद्दबातल. मृत्यू झाला तर भरपाई आयुक्तांकडे जमा करावी लागते. घरी दिलेले पाकीट म्हणजे भरपाई नव्हे. दाव्याची मुदत दोन वर्षांची, आणि उशिराला सबळ कारण असेल तर तीही शिथिल होते. कर्मचारी नुकसानभरपाईचा हा विषय आता 2020 च्या सामाजिक सुरक्षा संहितेत आला आहे.

एक गैरसमज आपल्यातही आहे. 1923 चा कायदा बाबासाहेबांनी आणला, असे काही जण भाषणात सांगतात. ते खरे नाही. त्या वर्षी बाबासाहेब लंडनचे शिक्षण संपवून मुंबईला परतले होते. त्यांचे खरे काम सांगण्यासारखे आहेच, त्यात भर घालायची गरज नाही. 1942 मध्ये ते व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य झाले. डिसेंबर 1942 मध्ये कलकत्त्यावर जपानी बॉम्ब पडले. बॉम्बची जखम ही कामाच्या अपघातात बसत नव्हती. मग 1943 चा युद्धजखमा भरपाई विमा कायदा आला. बाबासाहेबांनी त्याचे विधेयक मांडले आणि मालकांवर भरपाईची व विम्याची सक्ती झाली. त्यांच्याच कार्यकाळात प्रा. अडारकरांनी आरोग्य विम्याचा अहवाल दिला. त्यातूनच 1948 चा राज्य कामगार विमा कायदा उभा राहिला.

म्हणजे कामगाराच्या शरीराची किंमत मालकाच्या दयेवर सोडायची नाही, हे तत्त्व कायद्यात कधीच आले आहे. गटारातल्या मृत्यूंबाबत सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये 1993 पासूनच्या प्रत्येक कुटुंबाला 10 लाख रुपये द्यायला सांगितले. 20 ऑक्टोबर 2023 च्या निकालात ही रक्कम 30 लाख केली. कायमचे अपंगत्व आल्यास किमान 20 लाख.

पण निकाल वस्तीपर्यंत आपोआप चालत येत नाही. पाकीट मात्र त्याच रात्री येते. म्हणून पाकिटाच्या आधी आपण पोहोचले पाहिजे. कोऱ्या कागदावर सही होऊ द्यायची नाही, शवविच्छेदन अहवाल आणि पोलीस पंचनाम्याची प्रत मिळवायची, ठेक्याचे काम मुळात कोणाचे होते ते लिहून ठेवायचे, आणि वारसांसोबत आयुक्तांकडे जायचे. जयंतीच्या मिरवणुकीइतकेच हेही आंदोलन आहे.

जय भीम!