गंडमाळ, गलगंड आणि गालगुंड

१९९९ सालची गोष्ट. आम्ही तेव्हा क्लेमेंटीला एका एचडीबी ब्लॉकमध्ये भाड्यानं राहत होतो. चिरंजीव पाच वर्षांचे, किंडरगार्टनमध्ये जाणारे. एका सकाळी उठला तो एक गाल फुगवूनच. मला वाटलं, तोंडात काहीतरी लपवलंय. "आ कर" म्हटलं तर आ होईना. संध्याकाळपर्यंत दुसरीही बाजू सुजली आणि कानाच्या पाळ्या वर उचलल्यासारख्या दिसायला लागल्या. ताप होताच. डॉक्टरांनी दोन मिनिटं पाहिलं, म्हणाले, "मम्प्स. शाळा बंद. विश्रांती, ताप उतरायचं औषध आणि मऊ जेवण."

घरी आल्यावर वाईला सासूबाईंना फोन लावला. ते दिवस फोनकार्डांचे. कार्डावरचा लांबलचक नंबर दाबायचा आणि मिनिटं संपायच्या आत सगळं भराभरा सांगून टाकायचं. सासूबाईंनी विचारलं, "काय म्हणाले डॉक्टर?"

"मम्प्स."

"म्हणजे काय गं?"

आणि मंडळी, मला शब्दच आठवेना! लहानपणी शंभरदा ऐकलेला शब्द. 'गंड' का 'गुंड' असं काहीतरी त्यात आहे एवढंच डोक्यात. कार्डावरची मिनिटं पळतायत, पोरगं मागे रडतंय. मी ठोकून दिलं, "अहो ते... गंडमाळ."

पलीकडे एकदम शांतता. मला वाटलं लाइन तुटली. मग अगदी बारीक आवाजात त्या म्हणाल्या, "नीट बघायला सांग गं डॉक्टरांना."

मला नंतर कळलं ते असं. सासूबाईंची थोरली बहीण लहानपणी गंडमाळेनं गेली होती. गंडमाळ म्हणजे मानेतल्या गाठींचा क्षय. त्या काळात त्यावर धड औषध नव्हतं. मान सुजायची, गाठी फुटायच्या, वाहत राहायच्या. सासूबाईंनी ते डोळ्यांनी पाहिलेलं. आणि मी इथून एका शब्दानं ते सगळं त्यांच्यासमोर पुन्हा उभं केलं.

पण बाई खमक्या. अर्ध्या तासानं त्यांचाच फोन आला (महागडा आयएसडी, पीसीओतून!). "त्याला लिंबाची फोड चाटायला दे. चाटल्याबरोबर कानाखाली कळ येऊन ओरडला, तर ते गालगुंड. गंडमाळ नव्हे."

दिली. ओरडला. मी फोनवर जवळजवळ आनंदानं किंचाळले, "ओरडला हो, ओरडला!"

लिंबाची ही परीक्षा किती शास्त्रीय आहे ते पुढे कळलं. आपल्या तोंडात लाळेच्या मोठ्या ग्रंथींच्या तीन जोड्या असतात. त्यातली सगळ्यात मोठी कानाच्या पुढे-खाली, जबड्याच्या कोपऱ्यावर. आंबट जिभेवर पडलं की तिथून लाळेची धार सुटते. ग्रंथी सुजलेली असेल तर त्या धारेबरोबर कळही सुटते. मानेतल्या क्षयाच्या गाठींचा लाळेशी संबंधच नाही, त्यांना लिंबाचं काय! 'पॅरोटायटिस' या डॉक्टरी शब्दाचा अर्थही ग्रीकमध्ये 'कानाजवळच्याची सूज' एवढाच आहे. त्यातही एक भेद आहे. पॅरोटायटिस म्हणजे त्या ग्रंथीची कुठल्याही कारणानं आलेली सूज. गालगुंड म्हणजे एका ठरावीक विषाणूमुळे आलेली, एकापासून दुसऱ्याला लागणारी. तो विषाणू असल्याचं १९३४ साली अमेरिकेत जॉन्सन आणि गुडपाश्चर यांनी सिद्ध केलं.

त्या फोनच्या प्रसंगानंतर मला या शब्दांचं वेडच लागलं. आपल्याकडे तीन शब्द अगदी चुलतभावांसारखे. गलगंड म्हणजे थायरॉईडची गळ्यावरची गाठ, जिच्यासाठी मिठात आयोडीन घालतात. गंडमाळ वर आलीच. आणि गालगुंड. एक काना, एक उकार इकडचा तिकडे झाला की रोगच बदलतो. मंडळाच्या कार्यक्रमात सहज विचारून पाहिलं, तर आमच्या पिढीतल्या निम्म्याअधिक लोकांनी गालगुंडाला गलगंड म्हटलं. म्हणजे मी एकटीच नव्हते!

जुन्या वैद्यांनी मात्र गल्लत केलेली नाही. सुश्रुतसंहितेत क्षुद्ररोगांमध्ये, म्हणजे किरकोळ रोगांमध्ये, जबड्याच्या सांध्यावर येणारी घट्ट, न हलणारी, थोडी दुखणारी सूज सांगितली आहे. तिचं नाव 'पाषाणगर्दभ'. शब्दशः घेतलं तर एक दगड आणि एक गाढव! गालगुंडाशी हे वर्णन बरंच जुळतं. चरकसंहितेत दुसरीच सूज आहे. सन्निपातज्वराच्या शेवटी कानाच्या मुळाशी भयंकर सूज येते आणि तिच्यातून एखादाच वाचतो, असं तिथे म्हटलंय. म्हणजे अंथरुणाला खिळलेल्या, तोंड कोरडं पडलेल्या रोग्याच्या ग्रंथीत पू होतो ती. अमेरिकेचे अध्यक्ष गारफील्ड यांना जुलै १८८१ मध्ये गोळी लागली आणि ते सप्टेंबरात गेले. त्या आजारपणात ऑगस्टमध्ये त्यांच्या कानाखालची ग्रंथी अशीच सुजून पिकली होती. जागा एकच, पण एक आजार पोरांचा आठवडाभराचा आणि दुसरा जिवावरचा. आपल्या लोकांना हा फरक नावानिशी ठाऊक होता, याचं मला फार कौतुक वाटतं.

आणि आपला गुंड? गुंड किंवा गुंडा म्हणजे मराठीत गोल, गुळगुळीत दगडही. मला वाटतं गालगुंडातला गुंड तोच असावा, गालात धोंडा ठेवल्यासारखा. तसं असेल तर सुश्रुताचा पाषाण आणि आजीचा गुंड एकच. ही माझी अटकळ हं, भाषातज्ज्ञांनी कान धरावा. (सुजलेला नसेल तर.)

आता पुन्हा क्लेमेंटीच्या ब्लॉकमध्ये येऊ. इथल्या सरकारी घरांत १९८९ पासून प्रत्येक ब्लॉकमध्ये चिनी, मलाय, भारतीय वस्तीचं प्रमाण ठरवून दिलेलं आहे. त्यामुळे आमच्या कॉरिडॉरमध्ये सगळं जग नांदत होतं. सुजलेल्या पोराची बातमी लिफ्टच्या आधी पोचली. डावीकडच्या तमिळ अक्कांनी लगेच विचारलं, "सोन्याची साखळी घातलीस का त्याला?" तमिळमध्ये या आजाराचं नावच 'पोन्नुक्कु वींगी', म्हणजे 'सोन्यासाठी सुजलेलं'. गळ्यात सोनं घातलं की सूज समाधान पावून उतरते! समोरच्या चिनी आंटीनं शाईची बाटली दाखवली. होक्कियनमध्ये गालगुंडाचं बोलीतलं नाव डुकराच्या डोक्यावरून पडलंय. मग उपाय काय, तर दोन्ही गालांवर 'वाघ' हे चिनी अक्षर लिहायचं. वाघ डुकराला खाणारच! मलाय शेजारीण म्हणाली, 'बेगुक'. तिनं काहीच उपाय सांगितला नाही, मऊ भाताची पेज मात्र आणून दिली. पोराला सगळ्यात जास्त तीच आवडली.

सासूबाईंचा उपाय वेगळा. सहाणेवर सांबरशिंग उगाळून त्याचा लेप. सिंगापुरात सांबरशिंग कुठून आणणार! शेवटी आम्ही साखळी घातली, शाईला नको म्हटलं आणि डोक्यावरून हनुवटीखाली नवऱ्याचा मफलर बांधला. आठवड्यात गाल उतरले. अक्कांनी श्रेय साखळीला दिलं, आणि मी वाद घातला नाही.

पण त्या आठवड्यात एक गोष्ट मला फार लागली. सासूबाईंनी फोनवर सहज विचारलं होतं, "टोचलं नव्हतं का गं त्याला?" त्यात टोमणा नव्हता, तरी टोचलं ते मलाच. लस दिली होती! आरोग्य-पुस्तिकेत तारीख होती, शिक्का होता. मी ती पुस्तिका रात्री तीनतीनदा काढून बघायचे. आपलंच काही चुकलं का? तापात दिली होती का? उशीर झाला होता का? त्यात कुणीतरी सांगितलं की गालगुंडानं क्वचित एका कानाचं ऐकणं कायमचं जातं, वयात आलेल्या मुलांना अंडकोषांची सूज येते. म्हणून मग पोराच्या कानाशी घड्याळ धरायचं, "टिकटिक ऐकू येते का?" तो कंटाळून म्हणायचा, "आई, घड्याळ बंद आहे." (एकदा खरंच होतं.)

उत्तर मिळालं ते बऱ्याच वर्षांनी, आणि ते या देशाच्या आरोग्याच्या इतिहासातलं एक पान निघालं. सिंगापुरात १९९० पासून बाळांना गोवर, गालगुंड आणि रुबेला यांची एकत्र लस द्यायला सुरुवात झाली. ९० टक्क्यांहून जास्त मुलांना ती मिळत होती. तरीही १९९९ आणि २००० मध्ये गालगुंडाचे हजारो रुग्ण झाले, आणि त्यात लस घेतलेली मुलं भरपूर होती. डॉ. गोह की ताय हे इथले साथरोगतज्ज्ञ. त्यांनी १९९९ सालीच 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात याचं कारण मांडलं.

कारण असं. लस म्हणजे नरम केलेला जिवंत विषाणू. तो ज्या मुलापासून घेतला त्याचं नाव त्या वाणाला चिकटतं. १९६३ च्या मार्चमध्ये फिलाडेल्फियात मॉरिस हिलमन या शास्त्रज्ञाची पाच वर्षांची मुलगी गाल धरून रात्री उठली. बापानं तिच्या घशातून कापसाचा बोळा फिरवून घेतला आणि प्रयोगशाळेत ठेवला. तिचं नाव जेरिल लिन. तिच्या नावाची लस १९६७ मध्ये बाजारात आली. जपानचा वाण 'उराबे', स्वित्झर्लंडचा 'रुबिनी', हीही मुलांचीच नावं. सिंगापुरात त्या दशकात हे तिन्ही वाण वापरले गेले होते. सगळ्यांच्या बाटलीवर अक्षरं तीच, एमएमआर. पण रुबिनी वाण नरम करता करता इतका नरम झाला की शरीर त्याची दखलच घेईना. इथल्या मुलांच्या पाहणीत जेरिल लिनचं संरक्षण ८० टक्क्यांच्या आसपास भरलं, उराबेचं ५० च्या थोडं वर आणि रुबिनीचं चक्क शून्याखाली. शून्याखाली म्हणजे लशीनं रोग दिला असं नव्हे, आकडेमोडीत संरक्षण काही सापडलंच नाही. पोर्तुगालमध्ये याच वाणाच्या काळात, १९९५-९६ मध्ये, मोठी साथ येऊन गेली होती. सिंगापूरनं १९९९ मध्ये रुबिनी बंद केला. पुढे जागतिक आरोग्य संघटनेनंही तो राष्ट्रीय लसीकरणात वापरू नये असं सांगितलं.

आमच्या चिरंजीवांना कुठला वाण टोचला होता? माहीत नाही. पुस्तिकेत तीनच अक्षरं आहेत. पण ते वाचलं त्या रात्री मी ती पुस्तिका कपाटात ठेवली आणि पुन्हा काढली नाही.

एक गंमत राहिलीच. आपल्या पुण्यात, हडपसरला, १९६६ साली सुरू झालेल्या सीरम इन्स्टिट्यूटच्या एमएमआरमध्ये गालगुंडाचा वाण 'लेनिनग्राड-झाग्रेब' आहे. हा काही मुलाच्या नावाचा नव्हे, दोन शहरांच्या नावाचा, आणि त्यातल्या एका शहराचं नावही आता बदललंय. एवढं सगळं घरच्या अंगणात तयार होत असताना भारतात २०१७ साली जी देशव्यापी मोहीम सुरू झाली ती गोवर आणि रुबेला या दोघांचीच. गालगुंड त्यात नव्हतं. बालरोगतज्ज्ञांची संघटना एमएमआर द्या म्हणते, म्हणजे ज्याला परवडेल त्यानं खासगीत घ्यायची. क्षुद्ररोग म्हणून सुश्रुतानं बाजूला ठेवलेलं ते अजून तिथेच आहे, असं मला कधी कधी वाटतं. २०२४ च्या सुरुवातीला केरळात हजारो मुलांचे गाल सुजले, तेव्हा बातम्यांत त्याची पुन्हा चर्चा झाली.

गेल्या वर्षी नात झाली. चिरंजीव आता स्वतः बाप. लशीच्या दिवशी त्यांनी दवाखान्यातूनच मला मेसेज केला, 'आई, वाण विचारला. जेरिल लिन.' संध्याकाळी वाईला व्हिडिओ कॉल लावला. सासूबाई आता ८८ च्या. पणतीकडे त्यांनी चष्मा सारखा करून खूप वेळ पाहिलं. तिचे गाल मुळातच वाटोळे.

"काय गं, हिला गंडमाळ झाली की काय?" म्हणाल्या, आणि स्वतःच इतक्या हसल्या की फोन कुणीतरी त्यांच्या हातातून काढून घेतला.