अंगठी साळुंक्यांकडून साळुंक्यांकडे

मुंबईच्या ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात अण्णा साळुंके नावाचा तरुण कामाला होता. पगार महिना दहा रुपये. दादासाहेब फाळके तेव्हा ‘राजा हरिश्चंद्र’साठी तारामती शोधत होते. जाहिराती देऊन झाल्या, नाचगाण्यावर पोट भरणाऱ्या बायकांनाही विचारून झालं. सिनेमात यायला कुणी बाई तयार होईना. साळुंक्यांचा सडपातळ बांधा आणि नाजूक हात फाळक्यांच्या नजरेत भरले. त्यांनी पंधरा रुपये देऊ केले, असं सांगतात. ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशन थिएटरात चित्रपट लागला आणि हॉटेलातले साळुंके आपल्या सिनेमाची पहिली नायिका झाले.

बाईच्या वेषातला पुरुष मराठी प्रेक्षकाला नवा नव्हताच. ‘मानापमाना’तली बालगंधर्वांची भामिनी दोनच वर्षांपूर्वी रंगभूमीवर आली होती. पण गंधर्वांचं स्त्रीपण निम्म्याहून अधिक गळ्यात होतं. मूकपटाने साळुंक्यांकडून तो आधारच काढून घेतला. ना पद, ना संवाद. जे काही बाईपण दाखवायचं ते मान, खांदे आणि पदर यांतून. रंगभूमीवरच्या त्या परंपरेबद्दल आपल्याकडे कपाटभर लिहिलं गेलं आहे. साळुंके मात्र बहुतेक ठिकाणी एका गमतीच्या किश्श्यापुरते येतात. मला ते खटकतं.

कारण नुसता किस्सा असता तर तो १९१३ सालीच संपला असता. त्याच वर्षीच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई अशा दोघी पडद्यावर आल्या. तरीही १९१७ साली ‘लंकादहन’मध्ये सीता झाले ते साळुंकेच. ‘बायका मिळत नव्हत्या’ हे नेहमीचं उत्तर मला इथे अपुरं वाटतं. तोवर ते बाईच्या जागी उभे केलेले पुरुष उरले नसावेत, फाळक्यांचे भरवशाचे नट झाले असावेत. नाहीतर त्याच चित्रपटात रामही त्यांच्यावरच कोण सोपवेल?

होय, रामही तेच. रावणाने सीतेला नेल्यावर कथेत ती दोघं समोरासमोर नसतातच, त्यामुळे ते जमून गेलं. मारुती रामाची अंगठी घेऊन समुद्र ओलांडतो आणि अशोकवनात सीतेला देतो. म्हणजे साळुंक्यांकडून साळुंक्यांकडेच. हे बंगालीत सांगणं सोपं, तिथे क्रियापद लिंग सांगत नाही. मराठीत आणि हिंदीत दर वाक्याला ठरवावं लागतं. अनुवाद करताना ‘सीता रडली’ आणि ‘साळुंके रडले’ यांच्यामध्ये मी कितीदा तरी अडकून पडते. प्रेक्षकांना ही अडचण नव्हती. पडद्यावर राम आला की ते पायातले जोडे काढून ठेवत.

पुढे साळुंके कॅमेऱ्यामागे गेले. ‘सत्यनारायण’ (१९२२) आणि ‘बुद्धदेव’ (१९२३) यांचं छायाचित्रण त्यांचं आहे.