हवानातील बनावट हेर

परदेशी पोटापाण्यासाठी गेलेला साधा माणूस एखाद्या जीवघेण्या गुपितात गुरफटतो, या कथानकावर रहस्यकादंबऱ्या उदंड झाल्या. ग्रॅहम ग्रीन यांच्या १९५८ सालच्या ‘अवर मॅन इन हवाना’मध्ये मात्र ते गुपित नायक स्वतःच रचतो.

वर्मोल्ड हा क्यूबातील इंग्रज, व्हॅक्युम क्लिनरचा विक्रेता. तो स्वतः कॅथोलिक नाही; परंतु सोडून गेलेल्या पत्नीला दिलेल्या वचनानुसार मुलीला त्याने कॅथोलिक श्रद्धेत वाढविले आहे. ही मिली घोडा मिळावा म्हणून नोव्हेना करते! (१९२६ साली कॅथोलिक झालेल्या ग्रीन यांना असा विनोद शोभतो.) मुलीच्या खर्चापायी वर्मोल्ड ब्रिटिश हेरखात्याची नोकरी पत्करतो, काल्पनिक हस्तकांच्या नावे पैसे उचलतो आणि क्लिनरच्या भागांची चित्रे गुप्त शस्त्रास्त्रे म्हणून लंडनला धाडतो.

ही कल्पना हवेतून आलेली नव्हती. दुसऱ्या महायुद्धात ग्रीन त्याच हेरखात्यात होते. प्रथम फ्रीटाऊनला, नंतर पोर्तुगालविषयक विभागात. तेथे त्यांचे वरिष्ठ होते किम फिल्बी, जे स्वतःच सोव्हिएत हेर निघाले आणि १९६३ साली मॉस्कोला पळाले. पोर्तुगालमधील काही जर्मन हेर वरिष्ठांना बनावट अहवाल पाठवीत असल्याचे ग्रीन यांना येथेच कळले. त्या काळचे प्रसिद्ध उदाहरण बार्सिलोनाच्या हुआन पुजोल यांचे. १९४१ साली लिस्बनमध्ये बसून, प्रवासी मार्गदर्शिकेच्या आधारे, ते इंग्लंडमधील ‘बातम्या’ जर्मनांना विकत. १९४२ साली ब्रिटिशांनी त्यांना आपल्याकडे घेतले. त्यांच्या २७ मदतनीसांपैकी एकही अस्तित्वात नव्हता; तरी १९४४ साली खरा हल्ला कॅले येथेच होणार, अशी जर्मनांची समजूत त्यांनी करून दिली.

पुजोल यांच्या असत्याने माणसे वाचली. वर्मोल्डच्या असत्याने मरतात. त्याने कल्पिलेल्या राऊल नावाच्या वैमानिकाचा नामधारी हाडामांसाचा निघतो आणि मारला जातो. पुढे त्याचा वृद्ध मित्र डॉ. हॅसलबाखरही गोळीला बळी पडतो. शत्रूनेही ते कागद खरे मानलेले असतात.

१ जानेवारी १९५९ रोजी हुकूमशहा बातिस्ता पळाला. कॅरल रीड यांनी त्याच वर्षी हवानात चित्रपट केला. परंतु ब्रिटिश हेरखात्याची थट्टा करताना बातिस्ताच्या राजवटीतील दहशत सौम्य झाली, म्हणून नव्या राज्यकर्त्यांना पुस्तक रुचले नाही. ग्रीन यांनीही हे पुढे मान्य केले. आम्हास ही तक्रार रास्त वाटते. कादंबरीतील पोलीस कॅप्टन सेगुरा सांगतो की, कोणाचा छळ करावा यालाही वर्ग असतात, आणि गरीब त्यात सहज बसतात. हे तो मद्याचा पेला समोर ठेवून, गप्पांच्या ओघात सांगतो.