स्वतःलाच उणे लेखणारी शीर्षके : प्रारंभीच्या मराठी विनोदाची एक रीत

श्रीपाद कृष्ण कोल्हटकर (१८७१–१९३४) यांचे ‘सुदाम्याचे पोहे’, राम गणेश गडकरी (१८८५–१९१९) यांची ‘रिकामपणची कामगिरी’ आणि चिं. वि. जोशी (१८९२–१९६३) यांची ‘एरंडाचे गुऱ्हाळ’ व ‘चिमणरावाचे चऱ्हाट’ ही शीर्षके एकत्र वाचली असता एक गोष्ट ठळकपणे जाणवते. ही सर्व शीर्षके आपल्याच मजकुराला क्षुल्लक ठरवितात. विनोदाने स्वतःविषयीच बोलण्याची ही रीत केवळ नम्रतेतून आली असे मानणे भाबडेपणाचे ठरेल.

एरंडाच्या खोडात उसाचा रस नसतो. म्हणून त्याचे गुऱ्हाळ म्हणजे निष्फळ लांबण. ग्रंथच स्वतःला निष्फळ म्हणू लागला की टीकाकाराच्या हाती फक्त शीर्षकाची पुनरुक्ती उरते. उलट वाचक हसला, तर शीर्षक खोटे ठरते. कोल्हटकरांची योजना याहून सूक्ष्म आहे. सुदाम्याने संकोचाने लपविलेले पोहे कृष्णाने आवडीने खाल्ले, ही कथा ज्ञात असलेल्या वाचकाला शीर्षक वाचताक्षणीच कृष्णाची भूमिका मिळते. पोहे नाकारणे म्हणजे ते मोठेपण नाकारणे! रूढ धर्माचारांवर आघात करू इच्छिणाऱ्या लेखकाला अशा ढालीची गरज होतीच. शिवाय सुदामा, बंडूनाना व पांडूतात्या ही मंडळी रूढींचा पक्ष घेऊनच बोलतात आणि त्यांच्या समर्थनातूनच रूढींचे हसे होते.

कोल्हटकरांना गुरू मानणाऱ्या गडकऱ्यांनी हीच दृष्टी लेखनव्यवसायाकडे वळविली. ‘गोविंदाग्रज’ या नावाने कविता करणाऱ्या लेखकानेच ‘बाळकराम’ होऊन ‘कवींचा कारखाना’ लिहिला. त्यातील उपहास परक्याचा नाही, कारखान्यातल्याच माणसाचा आहे. जोशी हे बडोद्यातील पाली भाषेचे व्यासंगी अभ्यासक. परंतु त्यांनी लेखणी दिली ती सामान्य, भित्र्या चिमणरावाच्या हाती. चिमणराव आपली फजिती सांगतो, पण स्वतःला शहाणाच समजतो. निवेदकाची समजूत आणि वाचकाला दिसणारे वास्तव यांतील अंतरातून येथे हास्य निर्माण होते.

तथापि या विनोदातील ‘स्व’ कोणाचा, हा प्रश्न टाळता येत नाही. तो बहुतांशी सुशिक्षित, पांढरपेशा पुरुषाचा आहे. स्वतःवर हसण्याची मुभा त्याला होती, कारण हसून झाल्यावर त्याची प्रतिष्ठा शाबूत राहत असे. बाळकरामाच्या लेखांतील ठकीची स्थिती निराळी आहे. तिच्या लग्नाच्या खटाटोपातून विवाहाच्या बाजाराचा उपहास साधला जातो, हे मान्य करावे लागेल. परंतु हास्याचा बराचसा भार तिच्या रूपावर पडतो. आणि बाळकराम स्वतःची कितीही थट्टा करो, निवेदनाचे सूत्र ठकीच्या हाती कधीच जात नाही.