दगड देवांचे, लाकूड माणसांचं

पहाटे साडेचारला सिएम रीपमधल्या तुमच्या हॉटेलच्या दारात टुकटुक येऊन थांबते. तिकीट काल संध्याकाळीच काढून ठेवलेलं आहे : एका दिवसाचे ३७ डॉलर, त्यावर तुमचा फोटो छापलेला. रस्त्याच्या दोन्ही अंगांना काळीशार झाडी, तोंडावर गार वारा. मग एकाएकी झाडी मागे पडते आणि समोर पाणीच पाणी. हा अंगकोर वाटचा खंदक, १९० मीटर रुंद. त्यावरच्या दगडी वाटेने शेकडो माणसं मोबाइलच्या उजेडात पावलं मोजत चालली आहेत.

आत शिरताच सगळे डावीकडच्या तळ्याकडे वळतात. तिथे पाच शिखरांचं प्रतिबिंब पडतं, फोटो छान येतो. तुमचा गाइड मात्र तुम्हाला मधल्या वाटेवरच थांबवतो. ‘‘मार्चचा विषुवदिन आहे. आज तळं नाही, इथूनच बघायचं.’’ देऊळ पश्चिमेकडे तोंड करून बसलेलं आहे, त्यामुळे दारात उभं राहिलं की सूर्य देवळाच्या पाठीमागून वर येतो. आधी आभाळ राखाडी होतं, मग गेरूच्या रंगाचं, आणि मग मधल्या शिखराच्या थेट टोकावर सूर्याची कड दिसते. जणू कुणी हाताने नेऊन तिथे ठेवली आहे. मागे सगळे ‘आहा’ म्हणतात, फोटो काढतात आणि न्याहारीला पळतात.

‘‘आता बाकीचं बघू,’’ गाइड म्हणतो. ‘‘नियम तीनच. कशाला हात लावायचा नाही. कुणाशी बोलायचं नाही. आणि शिखरांकडे बघत वेळ घालवायचा नाही. शिखरं परत आल्यावरही इथेच असतील. बाकीचं नसेल.’’

तुम्ही त्याच्यामागून एक पायरी उतरता आणि कानावर छिन्न्यांचा आवाज आदळतो.

साल साधारण ११४०. राजा सूर्यवर्मन दुसरा १११३पासून गादीवर आहे आणि त्याचं विष्णूचं देऊळ अजून पुरं व्हायचंय. मधलं शिखर बांबूच्या परांचीत अडकलेलं आहे. कुलेन डोंगराच्या पायथ्याच्या खाणींतून वालुकाश्माचे चिरे कालव्यांतून तराफ्यांवर येतात. प्रत्येक चिऱ्याला बोटभर रुंदीची गोल भोकं पाडलेली आहेत. त्यांत खुंट्या ठोकून दोर बांधायचे आणि चिरा उचलायचा. चुना कुठेच दिसत नाही. वरचा चिरा खालच्यावर पुढे-मागे घासत राहायचा, फट मिटेपर्यंत. आतल्या भरावाला आणि तटाला वापरलेला तांबडा, भोकाभोकांचा दगड बघून तुम्ही थबकता. कोकणातल्या माणसाला त्याची ओळख करून द्यावी लागत नाही. तो जांभाच आहे.

दोर ओढणारी माणसं उघड्या अंगाची आहेत, कमरेला वीतभर कापड. त्यांतली किती स्वखुशीने आली असतील, हा प्रश्न तुमच्या चेहऱ्यावर गाइडला दिसतो. ‘‘डोंगरातून धरून आणलेली माणसं इथे विकली जातात,’’ तो हळूच सांगतो. ‘‘पैसेवाल्यांच्या घरी शंभरावर असतात. अगदी गरिबाकडेच एकही नसतो.’’

तटाच्या आत तुम्हाला मोकळं आवार अपेक्षित होतं, कारण मघाशी तिथे नुसतं गवत आणि झाडं होती. आत्ता तिथे गाव आहे. काटकोनात आखलेले रस्ते, मातीच्या उंचवट्यांवर गवताने शाकारलेली लाकडी घरं, घरांमधून लहान लहान तळी. पोरं पाण्यात डुंबतायत, चुली पेटल्यायत, कुणीतरी कुणावर तरी ओरडतंय. देवळाची सेवा करणारी माणसं ती हीच. २०१२मध्ये हेलिकॉप्टरमधून लेझर किरण सोडून ह्या जमिनीचा नकाशा केला, तेव्हा ह्याच रस्त्यांचे आणि उंचवट्यांचे वळ झाडांखाली उमटून आले. तोवर तिकीट काढून येणारा प्रत्येक जण ह्या गावातून, ते न बघताच, चालत गेला होता.

देवळात शिरल्यावर गाइड उजवीकडे वळतो. देऊळ डाव्या हाताला ठेवून फिरायचं, म्हणजे आपल्या प्रदक्षिणेच्या उलट. भिंतीवरचं कोरीवकाम त्याच क्रमाने लागलेलं आहे. पहिलीच भिंत कुरुक्षेत्राची. दोन्हीकडून सैन्यं मध्यावर येऊन भिडतायत. अर्जुनाच्या रथावर कृष्ण बसलेला आहे, त्याला चार हात आहेत. वरच्या बाजूला भीष्म बाणांवर पडलेले. पुढच्या दालनात यमाचा दरबार आणि चित्रगुप्ताचा निवाडा, खाली नरकांची रांग. नावं कोरून ठेवली आहेत : वैतरणी, रौरव, अवीची. कीर्तनाला गेलेल्या माणसाला ती आजीच्या तोंडून ऐकल्यासारखी वाटतात. पूर्वेच्या भिंतीवर ४९ मीटर लांबीचं समुद्रमंथन : एका अंगाला ९२ असुर, दुसऱ्या अंगाला ८८ देव, मध्ये विष्णू. त्याच्यापाशी एक कोरक्या उकिडवा बसून पाण्यातला मासा कोरतोय. मंथनाच्या घुसळणीत माशाचे दोन तुकडे झालेले आहेत. त्याने तळ्यात पाहिलेला मासा असणार. देव त्याने सांगितल्याप्रमाणे कोरले, मासा मात्र त्याचा स्वतःचा आहे.

पुढचा टप्पा अंगकोर थोम. दीड किलोमीटर उत्तरेला आणि दीडशे वर्षं पुढे.

दक्षिण दाराच्या पुलावर पुन्हा देव-असुर, दोन्ही कठड्यांवर ५४-५४, नागाचं अंग धरून ओढणारे. वर चारही दिशांना बघणारे दगडी चेहरे. हे शहर सातव्या जयवर्मनने ११८१नंतर उभारलं. तट तीन किलोमीटर लांबीरुंदीचा, उंची आठ मीटर. आता १२९६चा हिवाळा आहे. पण तुमची नजर दगडावर टिकत नाही, कारण दाराच्या आत बाजार भरलाय.

बाजार बायकांचा. उजाडताच मांडायचा, दुपारपर्यंत आवरायचा. दुकान म्हणजे जमिनीवर अंथरलेली चटई. प्रत्येकीची जागा ठरलेली आणि तिचं भाडं सरकारी माणसाला द्यायचं. किरकोळ सौदा तांदळावर, मोठा कापडावर, त्याहून मोठा सोन्याचांदीवर. एक बाई काट्यावर काहीतरी तोलतेय आणि समोरच्या चिनी खलाशाशी हुज्जत घालतेय. असे खलाशी इथे बरेच आहेत. तांदूळ मुबलक, कपड्यांचा खर्च नाही, व्यापारात तरबेज बायको मिळते, म्हणून जहाज सोडून ते इथेच राहतात. कडेला एक कुटुंब जेवायला बसलंय. भात हाताने, आणि कालवण पानांच्या द्रोणात. गळत नाही, जेवण झालं की फेकून द्यायचा. नियम मोडून तुम्ही क्षणभर त्यांच्या पंगतीत बसावं असं वाटतं.

तेवढ्यात वाद्यं वाजू लागतात आणि बाजार गुडघ्यांवर बसतो. पुढे घोडेस्वार आणि निशाणं. मागून राजवाड्यातल्या शेकडो बायका, केसांत फुलं, हातात भर दिवसा पेटवलेल्या मेणबत्त्या. त्यांच्यामागे ढाल-भाला घेतलेल्या स्त्रीरक्षकांची तुकडी. मग हत्तींवर मंत्री, त्यांच्यावर तांबड्या छत्र्या. मग पालख्यांतून राण्या. सगळ्यात शेवटी राजा : हत्तीवर उभा, हातात सोन्याची तलवार, हत्तीच्या सुळ्यांना सोन्याची वेष्टणं. गेल्याच वर्षी गादीवर आलेला हा तिसरा इंद्रवर्मन, आधीच्या राजाचा जावई. ती तलवार राजकन्येने बापाकडून पळवून नवऱ्याला दिली, असं लोक सांगतात.

हे सगळं एक जण लिहून घेतोय. चिनी दरबाराच्या वकिलातीबरोबर ऑगस्टमध्ये आलेला झोउ दाग्वान. पुढच्या जुलैपर्यंत तो इथे राहील आणि परतल्यावर एक छोटं पुस्तक लिहील. द्रोण, चटया, बाजाराचं भाडं, मेणबत्त्या, तलवारीची गोष्ट : तुम्ही आत्ता जे पाहताय ते त्याच्या टिपणांतून उरलेलं आहे. सोनेरी बायॉन देवळाचं वर्णन त्याने केलं, पण गवती छपरांचंही केलं. सामान्य माणसाला घरावर कौल घालायची परवानगी नाही, हे त्याने नोंदवलं. राजवाड्याच्या मुख्य महालावर शिशाची कौलं होती, पण राजवाडाही लाकडीच. दगड फक्त देवांना. म्हणून तुमच्या टूरच्या नकाशावर ‘राजवाडा’ म्हणून एक मोकळं रान दाखवलेलं आहे.

नेमक्या ह्याच वर्षी, १२९६मध्ये, देवगिरीवर अलाउद्दीन खिलजी येऊन गेलाय आणि कार्तिकात आळंदीला ज्ञानेश्वरांनी समाधी घेतलीय. आपल्याकडेही गणित असंच आहे. यादवांच्या काळातली, चुन्याविना रचलेली हेमाडपंती देवळं गावोगाव उभी आहेत. त्यांच्या सावलीत राहणाऱ्यांची घरं कुठे आहेत? ती माणसं काय खात, कशावरून भांडत, वाटेत कुठे उतरत, हे कळतं ते म्हाइंभटांच्या ‘लीळाचरित्रा’तून. तिथे चक्रधरांच्या आठवणी जमवणारा शिष्य आणि इथे परमुलखातून आलेला कारकून. दोघांनी एकाच शतकात तेच केलं. दगड जे विसरला, ते त्यांच्या शब्दांत उरलं.

तुम्ही ता प्रोमला पोहोचता तेव्हा ऊन डोक्यावर आलंय. साल आता मागे गेलंय, ११८६. जयवर्मनने हा विहार आईच्या स्मरणार्थ बांधला. आतली प्रज्ञापारमितेची मूर्ती तिच्या रूपाची आहे. इथला संस्कृत शिलालेख पूजेबरोबर हिशेबही सांगतो. आवारात राहणारे १२,६४०, त्यांत ६१५ नर्तकी. भात पिकवून ह्या विहाराला पोसणाऱ्या गावांची माणसं धरली, तर आकडा ७९,३६५. त्याच लेखात राज्यभरातल्या १०२ रुग्णालयांचा उल्लेख आहे. ह्या रुग्णालयांचीही गत तीच झाली. आजाऱ्यांच्या लाकडी खोल्या मातीला मिळाल्या, शेजारची देवाची दगडी खोली तेवढी राहिली.

गाइड तुमच्या खांद्याला हात लावतो आणि गोंगाट थांबतो. वर्तमानकाळ. छपरावर स्पंग झाडांची पांढुरकी मुळं उतरली आहेत. ह्याच जातीची झाडं सह्याद्रीतही वाढतात. इथे ती काढता येत नाहीत, कारण मुळांनीच भिंती फोडल्या आणि आता मुळांनीच त्या धरून ठेवल्या आहेत. ढासळलेले चिरे जागच्या जागी बसवण्याचं काम भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण इथे बरीच वर्षं करतंय. एवढं शहर संपलं कसं? तेराव्या शतकात, सात ते नऊ लाख वस्तीचा अंदाज संशोधक देतात. कालवे आणि जलाशय हा त्याचा प्राण होता. पश्चिम बाराय नावाचा एक तलावच आठ किलोमीटर लांब. चौदाव्या-पंधराव्या शतकांत दीर्घ दुष्काळ पडले, त्यांच्या अधूनमधून कालवे फोडणारा पाऊस आला. वर १४३१च्या सुमाराला अयुथ्याचं सैन्य चालून आलं. दरबार दक्षिणेला गेला. लोक मात्र एका रात्रीत नाहीसे झाले नाहीत. अंगकोर वाटमध्ये बौद्ध भिक्षूंची पूजा तर कधीच थांबली नाही.

‘‘ज्यांना माझ्यासारखा गाइड मिळत नाही, त्यांनी काय करावं?’’ तुम्ही विचारता.

‘‘बायॉनला गेल्यावर चेहऱ्यांचे फोटो काढून झाले की खाली उतरावं. दक्षिणेकडची बाहेरची भिंत. बहुतेक लोक तिच्यापुढून पाण्याची बाटली शोधत जातात.’’

त्या भिंतीवर वरच्या अंगाला चाम लोकांशी नावांवरचं युद्ध आहे, पण खालच्या पट्टीत देव नाही आणि राजाही नाही. कोंबड्यांची झुंज आहे, बाळंत होणारी बाई आहे, चुलीवरचं भांडं आहे, काठीला चिमटून भाजलेले मासे आहेत, काट्यावर तोलणारी बाजारकरीण आहे. कुणीतरी, देवांसाठी राखलेल्या दगडाच्या तळाशी, शेजाऱ्यापाजाऱ्यांना हळूच जागा करून दिली.

जेवायला गाइड तुम्हाला स्राह स्रांग तळ्याकाठच्या टपरीत नेतो. लाकडाचे खांब, वर पत्रा. दोन पावसाळ्यांनंतर ती इथे असेलच असं नाही. मालकीण काठीला चिमटलेला मासा निखाऱ्यावरून उचलून तुमच्या ताटातल्या भातावर ठेवते. तिचा नवरा मागे झोळीत आडवा झालाय. पैसे डॉलरमध्ये घेऊन ती सुटे रिएलमध्ये मोजते. तुम्ही, सवयीने, थोडी घासाघीस करून बघता. ती हसते आणि मान हलवते.

‘‘द्या,’’ गाइड म्हणतो. ‘‘आठशे वर्षांत इथल्या बाईने भाव उतरवल्याची नोंद नाही.’’